गौरीपुढची फुलपाखरं

चैत्रातल्या हळदीकुंकवाचं नाव निघालं की ती घटना अजूनही जशीच्या तशी डोळ्यांपुढे उभी राहते, आणि माझा हात आपोआप कमरेच्या पट्ट्याकडे जातो. का, ते पुढे कळेलच. पोलीस खात्यात दरोडे पाहिले, खून पाहिले, चंबळच्या खोऱ्यात उपाशीपोटी पहारेही केले. पण सगळ्यांत अवघड तपास फुलपाखरांचा निघाला, आणि त्यातला सगळ्यांत मोठा अडथळा मी स्वतः होतो.

महाराजांचा अंमल होता तेव्हाची गोष्ट. लष्कर नावाच्या आमच्या शहराच्या कोतवालीत मी नवाच ठाणेदार झालो होतो. मिशा हुद्द्याला शोभतील इतक्या वाढल्या होत्या, बाकीचं यायचं होतं.

एका सकाळी कॉलेजातले सृष्टिविज्ञानाचे प्राध्यापक कोतवालीत आले. हातात जाळी आणि खांद्याला डबे लटकवून हे गृहस्थ किडे पकडत हिंडायचे. बाजारात त्यांना ‘तितलीवाले मास्टरसाहब’ म्हणत. गावच्या वाचनालयाने त्यांच्याच आग्रहावरून फुलपाखरांचं एक मोठं सचित्र पुस्तक विलायतेहून मागवलं होतं. त्या पुस्तकाबद्दलच ते बोलायला आले होते.

“सहा चित्रं गेली,” ते म्हणाले.

“गेली म्हणजे? उडाली?” मी विनोद केला.

कोतवालीचा कारकून, मुन्शी, हसला, कारण मुन्शीला हसावंच लागतं. प्राध्यापक हसले नाहीत.

“ठाणेदारसाहेब, पंखावरचा एक ठिपका इकडे आहे की तिकडे, यावरून फुलपाखराची जात ठरते. ते मी मुलांना या पुस्तकावरून दाखवतो. आपल्याकडच्या फुलपाखरांवर मराठीत एक पुस्तक करावं म्हणून मी झटतोय. चित्रंच गेली तर पकडलेलं फुलपाखरू ताडून कशाशी पाहू? तुमच्या मिशांशी?”

आता मुन्शी मनापासून हसला. मी रपट लिहून घेतली.

संशय सरळ ग्रंथपालांवर आला, कारण कपाटाची चावी फक्त त्यांच्याकडे असे. म्हातारे, किरकोळ, डोक्यावर जुन्या वळणाची पगडी. एका कपाटापासून त्यांनी ते वाचनालय वाढवलं होतं. दारातल्या पाटीवर त्यांच्याच सुबक अक्षरात नियम होता: ‘कोणीही, कोणत्याही सबबीवर, पुस्तक बाहेर नेऊ नये.’ विद्याखात्याने हुकूम काढला की चित्रं सापडेपर्यंत यांनी कामावर येऊ नये, आणि महिनाअखेर सापडली नाहीत तर यांना कमी करावं. त्यांची नोकरी आणि नाव, दोन्ही माझ्या हातात आलं. मला मात्र ती फक्त एक मिसल, कागदांचा एक जुडगा, वाटत होती.

मी त्यांना बोलावून घेतलं. लष्करात मराठी घरं सगळी एकमेकांना ओळखतात, त्यामुळे गुन्हेगाराला अरेतुरे करायची सोय नसते.

“काका, पुस्तक शेवटचं पूर्ण असं कधी पाहिलंत?”

काका जमिनीकडे बघू लागले. कानांच्या पाळ्या लाल झाल्या.

“काका, विचारतोय मी.”

“पाहिलं होतं. पूर्ण होतं.”

“कधी? कुठे?”

काकांनी पंच्याने कपाळ पुसलं आणि पाणी मागितलं. मी मुन्शीकडे असं पाहिलं, की बघ, चोर कसा ओळखायचा. पोलीस शाळेत आम्हाला शिकवलं होतं: खरा माणूस डोळ्याला डोळा देतो. ज्याने हे लिहिलं, तो कधी कुणा लाजाळू माणसाला भेटलाच नसावा.

पण पुरावा नव्हता. तो माझ्या घरातून आला.

माझी पहिली चूक ही, की रात्री जेवताना मी आत्याला सगळं सांगितलं. आत्या आमच्याकडेच असायची, आणि तिच्या कानावर काही घालणं म्हणजे दवंडीवाल्याचा खर्च वाचवणं. चैत्र चालू होता. घरोघर चैत्रगौर बसलेली. पायऱ्यापायऱ्यांची आरास, वर झोपाळ्यात गौर, पुढे फळं, बाहुल्या, चित्रं. आणि बायकांची या घरातून त्या घरात आंब्याची डाळ आणि पन्हं घेत हळदीकुंकवाची फेरी. माझे चार खबरी बाजारात बिड्या फुंकत बसले होते. आत्याने तेवढ्यात अर्ध्या लष्करातल्या गौरी पाहून टाकल्या.

“अरे, सापडली तुझी चित्रं!” ती चपला काढता काढता म्हणाली. “ग्रंथपालांच्याच घरी. गौरीपुढे, खालच्या पायरीवर ओळीने मांडलीत. नारंगी, काळं, पिवळ्या ठिपक्यांचं, बिल्कुल तू सांगितलंस तशी. काय सफाई आहे! विलायती माल लपत नाही हो.”

“तुला नक्की ठाऊक आहे?”

“मला विचारतोस? विलायती बशी मी वाजवून ओळखते!”

चोरीचा माल आणि तोही देवीपुढे मांडलेला! मी त्या रात्री बढतीची स्वप्नं पाहिली.

दुसऱ्या दिवशी दुपारी, बायका यायच्या आधी, मी एक शिपाई आणि दोन पंच घेऊन ग्रंथपालांच्या घरी गेलो. दारातच त्यांच्या सुनेने अडवलं. तिचा नवरा उज्जैनला महसुलात होता. घरात ही आणि सासरे, दोघंच.

“गौरीपाशी चामडं चालणार नाही,” ती म्हणाली.

बूट काढले. ती माझ्या कमरेकडे बघत उभीच राहिली. पट्टाही चामड्याचा. काढला. आता हे सांगायला हवं की माझी विजार एका जाड अधिकाऱ्याच्या मापाने शिवलेली, खात्यातून मिळालेली होती. पट्टा गेला तशी विजारीने शरणागतीची तयारी दाखवली. त्यामुळे ती ऐतिहासिक जप्ती मी एका हाताने विजार धरून केली. पंचनाम्यात याची नोंद नाही.

पंच पुढे होईनात. त्यांतले एक पेन्शनर म्हणाले, “देवीपुढची वस्तू आम्ही कशी उचलावी? तुम्ही उचला, पाप तुमच्या खात्यावर. आम्ही बघतो.”

मी खाली वाकलो, विजार सांभाळत. चित्रं खरोखर अप्रतिम होती. लिंबाच्या पानावर काळंपिवळं फुलपाखरू, रुईच्या फुलावर नारंगी. वर काचेसारखी चकाकी.

“ही मी रंगवलीत,” सून म्हणाली.

मी हसलो. ते हसणं आठवलं की आजही चादरीत तोंड लपवावंसं वाटतं.

“सूनबाई, सासऱ्यांना वाचवायची तुमची धडपड मला समजते. पण इतकं बारीक काम, घरात बसून?”

“घरात नाही, परड्यात बसून. परड्यात रुई आहे, लिंबू आहे. अळ्याही आहेत, दाखवू?”

“अळी हा पुरावा होत नाही.”

“आणि तुमचं हसणं होतं?”

शिपाई दुसरीकडे बघू लागला. मी मोठ्या आवाजात पंचनामा सांगायला सुरुवात केली. चित्रं वितीने मोजली, पुस्तकाच्या पानाएवढीच भरली. छापील पानाखाली असतो तसा क्रमांक त्यांच्यावर नव्हता. ‘कापताना गेला असावा,’ असं मी स्वतःलाच समजावलं. प्रत्येक चित्राच्या कोपऱ्यात अळी आणि कोशही होता, तो मला शोभेचा वाटला. ज्यांना हे दाखवायला हवं होतं ते प्राध्यापक मुलांना घेऊन शिवपुरीच्या जंगलात गेले होते, आणि त्यांची वाट बघायला मला धीर नव्हता.

मग मी काकांना बरोबर घेतलं. दोन शिपायांच्या मधून, भर सराफ्यातून. टांगा करता आला असता. पण ठाणेदार नवा होता ना. दुकानांतून लोक माना काढून बघत होते. काका पगडी सावरत, कुणाकडेही न बघता चालत होते.

तिसऱ्या प्रहरी सूनबाईंनी सासऱ्यांसाठी कोतवालीत डबा पाठवला. डबा आणि तांब्याभर पन्हं. काकांनी तोंड लावलं नाही. अन्न वाया जाऊ नये या उदात्त हेतूने मी एक पेला ओतून घेतला. टेबलावर मुद्देमाल पसरला होता. त्यावर मोहर करायची होती. एका हातात पेला, एका हातात लाख, समोर तेवणारी मेणबत्ती. पुढे काय झालं ते चतुर वाचकांना कळलंच असेल. अर्धा पेला पन्हं थेट नारंगी फुलपाखरावर.

मी टेबल पुसावं तसं रुमालाने पुसायला गेलो. पंख रुमालावर आला. काळी किनार अंगठ्यावर आली. उरलं ते वेलदोड्याच्या वासाचं एक नारंगी डबकं.

खरं म्हणजे त्याच क्षणी माझ्या डोक्यात प्रकाश पडायला हवा होता. नाही पडला. माझ्या डोक्यात एकच गोष्ट होती: मुद्देमालाची नासाडी! जबाबदार कोण? दंड किती? पगारातून की एकरकमी?

कपाटावर जाडजूड इंग्रजी नियमावली होती. ब्रिटिश इलाख्यातून मागवलेली, नव्या जिल्दीची, इतकी भारी की आम्ही तिचा उपयोग वाऱ्याने दार आपटू नये म्हणून करत असू. ती मी आयुष्यात प्रथमच उघडली. मुद्देमालाचं प्रकरण कुठे असेल ते ठाऊक नव्हतं, म्हणून पानं भराभर उलटत गेलो. ‘बेवारस जनावरांची व्यवस्था’ हे प्रकरण आलं, पान उलटलं, आणि समोर एक निळं फुलपाखरू पंख पसरून माझ्याकडे बघत होतं.

मी पुस्तक मिटलं. देवीपुढची वस्तू उचलली, त्याचा हा प्रकोप, असं वाटलं. हळूच पुन्हा उघडलं. निळ्यामागे पिवळं, त्याच्यामागे पांढरं. सहाच्या सहा, व्यवस्थित शिवलेली, खाली छापील क्रमांक. जुन्या शिपायाला हाक मारली.

“पंडितजी, ये क्या है?”

त्याने दोन्ही चित्रं शेजारी ठेवून पाहिली, मग माझ्या अंगठ्याकडे पाहिलं.

“हुजूर, ये छपी हुई है, भीगेगी तो भी रंग नहीं छोड़ेगी। और वो हाथ की बनी थी।” त्याने भूतकाळावर जोर दिला. “थी।”

मग उजाडलं. नियमावलीची नवी जिल्द बांधणाऱ्या, नव्या बाजारातल्या जिल्दसाजाला बोलावलं. वाचनालयाचं पुस्तक आणि आमची नियमावली दोन्ही त्याच्याकडे एकदमच गेली होती. फुलपाखरांची सुटी पानं सपाट राहावीत म्हणून त्याने ती आमच्या जड पानांत दाबून ठेवली, आणि मग तशीच शिवून टाकली.

“अरे भले आदमी, पुलिस की किताब में तितलियाँ? शक नहीं हुआ?”

“हुआ था हुजूर,” तो हात जोडून म्हणाला. “फिर सोचा सरकारी काम है, इनको भी किसी जुर्म में पकड़ना होगा।”

काकांपुढे मी छापील चित्रं ठेवली. त्यांनी एकेक पान बोटाने हलकेच चाचपून पाहिलं आणि मग ते इतक्या दिवसांनी मोकळं बोलले.

“जिल्दीला द्यायच्या आधी मी पुस्तक घरी नेलं होतं. भाजीच्या पिशवीत, पंच्यात गुंडाळून. सूनबाईला एकदा पाहायचं होतं. परड्यातल्या अळ्या पाळून ती चित्रं रंगवते. बायकांना वाचनालयात येण्याची पद्धत नाही, मग तिने पाहावं कुठे? तेव्हा सगळी पानं होती.”

“मग हे आधी सांगायला काय झालं होतं? मी त्याच दिवशी जिल्दसाजाकडे गेलो असतो!”

“पाटीवरचा नियम मीच लिहिलाय ठाणेदारसाहेब. आणि सांगितलं असतं तर तुम्ही तिलाही इथे बोलावलं असतंत.”

बोलावलंच असतं. 

इथे प्रकरण संपायला हवं होतं. विद्याखात्याने हुकूम मागे घेतला, परत आलेले प्राध्यापक चित्रं छातीशी धरून नाचायचे बाकी राहिले. पण काका वाचनालयात जाईनात. राजीनामा लिहायला घेतला. मी आणि प्राध्यापक त्यांच्या ओसरीवर गेलो.

“कागदावर मी सुटलो,” काका म्हणाले. “पण सराफ्यात ज्याने मला पाहिलं, त्याने कागद कुठे पाहिलाय? उद्या कुणी पुस्तक मागायला आला, तर माझ्या हाताकडे बघेल. तिथे मी नाही बसू शकत.”

मी माफी मागितली. मनापासून मागितली. तेवढ्यात आतून, दाराआडून, सूनबाईंचा आवाज आला.

“ओसरीवर माफी मागून काय होणार? बातमी माजघरातून गेली. हळदीकुंकवाला आलेल्या बायका आता माझ्या आराशीकडे बघून कुजबुजतात, की उरलेली चित्रं कुठून उचलली असतील.” मग, “आणि माझं नारंगी फुलपाखरू?”

“पुन्हा रंगवता येईल?” मी विचारलं.

“समोर असलं की. परड्यातल्या अळ्या संपल्यात.”

पुढचे काही दिवस लष्करच्या कोतवालीत गुन्ह्यांचा तपास थोडा मागे पडला, हे आता सांगायला हरकत नाही. गस्तीच्या शिपायांना हुकूम होता: जिथे रुई दिसेल तिथे पानं उलटून बघा, काळ्यापांढऱ्या पट्ट्यांची, पिवळ्या ठिपक्यांची अळी दिसली की फांदीसकट आणा. लोकांना वाटलं, कुठेतरी खजिना पुरलाय. मारुतीला रुईच्या पानांची माळ वाहणारे आमचे पंडितजीच शेवटी एक घेऊन आले. ती अळी मी पाळली. रिकाम्या बरणीत, माझ्या टेबलावर. रोज सकाळी हजेरीआधी मी तिला ताजं पान घालत असे आणि प्राध्यापक तिची विचारपूस करायला येत असत. एक दिवस तिने खाणं सोडलं. मी घाबरून प्राध्यापकांकडे माणूस पिटाळला. ते धापा टाकत आले, पाहिलं आणि माझी पाठ थोपटली, जणू बारसं माझ्याच घरी होतं. अळीचा कोश झाला होता. हिरवट, सोन्याच्या टिकल्या लावल्यासारखा. तो मी स्वतः सूनबाईंकडे पोचवला. टांग्यातून, बरणी मांडीवर घेऊन. यावेळी टांगा केला.

अक्षय्यतृतीयेला त्यांच्या घरी शेवटचं हळदीकुंकू होतं. बायकांचा मेळा भरला होता. पुरुषांनी जायचं नसतं, म्हणून मी उंबऱ्याबाहेर उभा राहिलो, पूर्ण वर्दीत. चामड्याचा पट्टा आज मी घरीच ठेवला होता आणि बायकोच्या हाताने विजारीला नाडी घालून घेतली होती. बायकांच्या नजरा उंबऱ्याकडे वळल्या. पोलीस पुन्हा आला!

“भगिनींनो,” मी म्हणालो.  “या घरातली चित्रं चोरीची आहेत म्हणून मी नेली. ती चोरीची नव्हती. चोरीच झाली नव्हती. विलायती पुस्तकाची पानं माझ्याच कपाटात होती. चूक माझी. आता ही दोन चित्रं बघा. एक विलायती, एक या घरातलं. कोणतं कुठलं ते तुम्हीच सांगा.”

एका हातात पुस्तकातलं छापील पान होतं. प्राध्यापकांनी ते उसनं दिलं होतं. दुसऱ्या हातात सूनबाईंनी नव्याने केलेलं नारंगी फुलपाखरू. क्रमांक आणि अळी अंगठ्यांखाली दाबून धरली होती. तेवढी पोलिसी लबाडी मला माफ असावी.

बायका पुढे सरकल्या. “हे इथलं.” “छे गं, ते बघ किती उठावदार.” “अगं, याच्या मिशा बघ!” गर्दीतून वाट काढत आत्या पुढे आली. तिने चित्रं मान मागे घेऊन पाहिली, नाक जवळ आणून पाहिली.

“यात विचारायचं काय?” ती माझ्या डाव्या हातावर टिचकी मारून म्हणाली. “हे विलायती. माणसाच्या हातून इतकी सफाई होतच नाही.”

मी अंगठा उचलला. पानाच्या कोपऱ्यात पट्टेरी अळी रुई खात होती.

“आत्या, हे सूनबाईंचं.”

अशी हसण्याची लाट उठली की झोपाळ्यातली गौर हलली असेल. आत्या मात्र डगमगली नाही.

“मग माझं काय चुकलं? तेव्हाही विलायतीच म्हटलं, आजही तेच म्हणते. मी म्हातारी बाई. पोलिसाने तपासून घ्यायला नको?”

बायकांनी सूनबाईंना घेरलं. कुणी अळी कुठे मिळते विचारत होतं, कुणी रंग कोणते, कुणाला आपल्या गौरीसाठी पुढच्या वर्षी मोर हवा होता. एक सरदारीण म्हणाली, “आमच्या दिवाणखान्यातल्या चित्रांपेक्षा कितीतरी सरस. आणि मेली ती तर पैसे देऊन आणलीत!”

बाहेर ओसरीवर काका ऐकत बसले होते. ते उठले, खुंटीवरची पगडी डोक्यावर ठेवली.

“आज सण आहे, काका,” मी म्हणालो. “वाचनालय बंद असेल.”

“म्हणूनच. धूळ फार साचली असेल. उद्या लोक येतील.” दोन पायऱ्या उतरून ते वळले. “मी सराफ्यातूनच जाणार आहे. तुम्ही मात्र बरोबर येऊ नका. लोकांना वाटेल, पुन्हा पकडलं.”

प्राध्यापकांचं मराठी पुस्तक पुढे निघालं. त्यातली चित्रं सूनबाईंची आहेत आणि प्रत्येक चित्राखाली त्यांचं नाव छापलेलं आहे. वाचनालयाने दुपारची वेळ बायकांसाठी ठेवली, ती पाटीही काकांच्याच अक्षरातली.

मला या प्रकरणाने दोन गोष्टी शिकवल्या. खोटं बोलणारा आणि शरमलेला, दोघं ठाणेदारापुढे सारखेच दिसतात. दोघंही जमिनीकडे बघतात, दोघांनाही पाणी लागतं. फरक इतकाच की खोटं बोलणारा बहुधा स्वतःला वाचवत असतो आणि शरमलेला दुसऱ्या कुणाला तरी. हे कळल्यावर मी संशयिताला पहिला प्रश्न विचारायच्या आधी पाण्याचा पेला पुढे करू लागलो, आणि माझे निम्मे गुन्हे तिथेच निवळू लागले.

दुसरी गोष्ट अशी, की माणसाची अब्रू ज्या रस्त्याने नेली त्याच रस्त्याने परत पोचवावी लागते. दुसरीकडून ती येत नाही. काकांना घेऊन जायला मला दोन शिपाई पुरले होते. परत आणून सोडायला अख्खं हळदीकुंकू लागलं.